पुरुषार्थ कोणाचा?

लहानपणी धर्मशिक्षणाच्या वर्गात आम्हा भावंडांना एक प्रश्न हमखास विचारला जाई : देवाने तुला कशासाठी निर्माण केले? उत्तर पाठ असे. देवाला ओळखावे, त्याच्यावर प्रीती करावी, त्याची सेवा करावी आणि अखेर त्याच्या सान्निध्यात राहावे, अशा आशयाचे ते उत्तर आम्ही एका दमात म्हणत असू आणि बक्षीस मिळालेले संतांचे चित्र खिशात घालून वाडीत खेळायला पळत असू. पुढे हायस्कुलात संस्कृत विषय घेतला, तेव्हा आणखी एक उत्तर पाठ करावे लागले. मानवी जीवनाची उद्दिष्टे चार : धर्म, अर्थ, काम आणि मोक्ष. त्यांना पुरुषार्थ म्हणतात. या उत्तराला परीक्षेत दोन गुण असत.

ही दोन्ही उत्तरे आमच्या मनात एकाच फडताळात ठेवलेल्या दोन वह्यांसारखी वर्षानुवर्षे शेजारी शेजारी पडून होती. एकीचे पान दुसरीशी कधी ताडून पाहिले नाही. दोन्ही उत्तरे वस्तुतः एकाच प्रश्नाची आहेत, माणसाने कशासाठी जगावे या प्रश्नाची, हेसुद्धा ध्यानात आले नव्हते. ते ध्यानात यायला आमच्या घरात एक कागद यावा लागला. त्याची हकिगत सांगताना आजही मान थोडी खाली जाते. तरीही सांगितली पाहिजे, कारण असे कागद आपल्या पुष्कळ घरांत येतात.

आम्ही तीन भाऊ आणि आमची एक थोरली बहीण. वसईतील आमची वाडी बाबांनी हयातीतच आईच्या नावावर करून दिली होती. बाबा १९९६ साली गेले. आईने त्यानंतर पंधरा वर्षे काढली. त्यांतली शेवटची सहा अंथरुणावर. या सहा वर्षांत तिला न्हाऊमाखू घातले ते ताईने. ताईने लग्न केले नाही. का केले नाही, हा विषय घरात कधी निघाला नाही. आम्ही तिघे शिकलो, नोकऱ्यांना लागलो, आमचे विवाह झाले, मुलेबाळे झाली; आणि ताई शिवणाच्या यंत्रावर गावातल्या पोरींचे झगे शिवीत घरी राहिली. हे असेच असते, असे आम्ही धरून चाललो होतो.

२०११ साली आई गेली. वर्षाची मिस्सा झाली आणि वाडीचा प्रश्न समोर आला. आईने मृत्युपत्र केले नव्हते. १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार कायद्याप्रमाणे ख्रिस्ती मातापित्यांच्या मागे मुलगा आणि मुलगी यांचा वाटा सारखाच. हे आम्हांला ठाऊक होते. परंतु बहिणींनी भावांच्या नावे हक्कसोडपत्र लिहून द्यावे, ही रीतही आम्हांला ठाऊक होती आणि आम्हांला ती कायद्याहून जवळची वाटत होती. मुद्रांकाचा कागद आणला, मजकूर लिहून घेतला. राहिली होती ती ताईची सही आणि दोन साक्षीदार.

त्या दिवसांत आम्हां तिघांच्या तोंडी एकच शब्द होता : धर्म. एकाला मुलाच्या शिक्षणासाठी पैसा हवा होता. तो म्हणे की बापाच्या नात्याने हा आपला धर्म आहे. एकाला वाडी राखायची होती. तो म्हणे की वाडवडिलांची जमीन सांभाळणे हा आपला धर्म आहे. एक म्हणे की आपल्याला काहीच नको, वाद नको, सगळे सोडून देणे हाच धर्म. यांपैकी कोण काय म्हणाला, हे येथे उलगडून सांगत नाही; कारण एका गोष्टीवर आमचे पूर्ण एकमत होते. सही करणे हा ताईचा धर्म आहे, याविषयी आम्हांला कसलीच शंका नव्हती.

साक्षीदार म्हणून सही घ्यायला आम्ही आमच्या संस्कृतच्या सरांकडे गेलो. सर निवृत्त होऊन बरीच वर्षे झाली होती. बाबांचा आणि त्यांचा जुना स्नेह होता. नाताळात आमच्या घरचा फराळाचा डबा त्यांच्याकडे जाई आणि दिवाळीला त्यांचा आमच्याकडे येई. सरांनी चष्मा लावून कागद संपूर्ण वाचला. मग तो घडी घालून पुस्तकाखाली ठेवला आणि म्हणाले, “सही करीन रे. पण हा कागद चारांपैकी कोणत्या पुरुषार्थासाठी आहे, तेवढे सांगा.”

आम्ही हसलो. परीक्षा संपून तीस वर्षे उलटली होती. एकाने धीर करून म्हटले, “सर, धर्म.”

“मग बसा,” सर म्हणाले, आणि त्यांनी महाभारताचा एक जाड खंड काढला.

महाभारताची चिकित्सक आवृत्ती पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेने १९१९ साली हाती घेतली आणि १९६६ साली पुरी केली, हे पुष्कळांना ठाऊक असते. त्या आवृत्तीत शांतिपर्वाचा १६१ वा अध्याय आहे, त्याला षड्गीता म्हणतात. सहा जणांचे बोलणे म्हणून षड्गीता. आम्ही शाळेत चार पुरुषार्थांची नावे पाठ केली होती. पण पाच भाऊ आणि त्यांचे काका विदुर यांनी एकत्र बसून या पुरुषार्थांवर वाद केला होता, हे आम्हांला कुणी सांगितले नव्हते. निदान आम्ही ऐकले नव्हते.

युद्ध संपले आहे. शरशय्येवर पडलेले भीष्म बोलता बोलता थांबले आहेत. पांडव घरी येतात आणि युधिष्ठिर विचारतो : जग धर्म, अर्थ आणि काम या तिहींवर चालते, यांत श्रेष्ठ कोणता, मधला कोणता आणि कनिष्ठ कोणता?

पहिल्याने विदुर बोलतो. अध्ययन, दान, क्षमा, दया, सत्य, संयम ही माणसाची खरी संपत्ती, म्हणून धर्म श्रेष्ठ, अर्थ मध्यम आणि काम सर्वांत खालचा. विदुराकडून हेच अपेक्षित असते. मग अर्जुन बोलतो. तो म्हणतो, ही कर्मभूमी आहे. शेती, व्यापार, गोपालन, नाना कारागिरी यांवर येथे जीवन चालते आणि या सगळ्यांचे सार अर्थ आहे. अर्थ नसेल तर धर्मही साधत नाही आणि कामही नाही. जटा वाढवणारे आणि भगवी वस्त्रे नेसणारेसुद्धा आपापल्या परीने अर्थाच्याच शोधात असतात, असे म्हणायलाही तो कचरत नाही. नकुल आणि सहदेव मधला मार्ग काढतात. अर्थ मिळवण्यासाठी उठता बसता झटावे, पण तो धर्माला जोडलेला असावा. आधी धर्म, मग अर्थ आणि त्यानंतर काम.

नंतर येतो भीम, अंगाला चंदन लावलेला, फुले आणि अलंकार ल्यालेला. तो सरळ सांगतो की काम श्रेष्ठ. ज्याला काही हवेसेच वाटत नाही, तो अर्थ मिळवायला धडपडणार नाही आणि धर्मही करणार नाही. पाने आणि कंदमुळे खाऊन तप करणारे ऋषीदेखील कसल्या ना कसल्या कामनेनेच तपाला बसतात. शेतकरी, व्यापारी, गवळी, कारागीर या सर्वांना कामच हलवतो. दह्यातून लोणी निघावे तसा धर्म आणि अर्थ यांतून काम हे सार निघते. आणि एवढे बोलूनही भीम शेवटी सांगतो की तिहींचे सेवन समतोल करावे; जो एकाच्याच मागे लागतो तो हलका माणूस.

सर वाचीत होते आणि आम्ही एकमेकांकडे पाहणे टाळत होतो. अर्जुनाचे बोलणे आले तेव्हा आमच्यापैकी एक जण उगाच खाकरला. सरांनी पुस्तकावर बोट ठेवून मान वर केली. “एक गोष्ट पाहा,” ते म्हणाले. “अर्जुनाला अर्थ हवा आहे आणि तो ‘अर्थ’ असेच म्हणतो. भीमाला काम हवा आहे, तोही ‘काम’ असेच म्हणतो. कुणी आपल्या इच्छेला दुसऱ्याचे नाव देत नाही.”

आमच्या घरात नेमके तेच चालले होते. आम्हांला हवा होता अर्थ, आणि आम्ही त्याला धर्म म्हणत होतो.

सरांनी मग आम्हांला शाळेत न शिकवलेले पुष्कळ काही सांगितले. जुन्या ग्रंथांत मुळात तीनच उद्दिष्टांची जोडी येते, तिला त्रिवर्ग म्हणतात. मोक्ष चौथा म्हणून त्यात मागाहून येऊन मिळाला. कौटिल्याच्या अर्थशास्त्राने अर्थाला प्रधान मानले, कारण धर्म आणि काम दोन्ही अर्थाच्या मुळावर उभे असतात. पण त्याच कौटिल्याने हेही बजावले की धर्म आणि अर्थ यांना धक्का न लावता काम सेवावा, माणसाने सुखावाचून राहू नये; आणि तिहींपैकी एकाचाच अतिरेक केला तर तो स्वतःलाही नासवतो आणि उरलेल्या दोहोंनाही. वात्स्यायनाचे कामसूत्र उघडले तर पहिला नमस्कार धर्म, अर्थ आणि काम या तिघांना आहे, आणि पुढे तो म्हणतो की यांत आधीचा नंतरच्याहून वजनदार. मनुस्मृतीने कोण कशाला श्रेयस्कर मानतो त्याची यादी दिली आणि निर्णय दिला तो तिहींच्या एकत्र असण्याच्या बाजूने.

आम्हांला याचे नवल वाटले. हिंदू तत्त्वज्ञान म्हणजे संसार मिथ्या मानून वनात जाणे, अशी आमची एक सोयीची समजूत होती. येथे तर पैसा मिळवणे आणि सुखाची इच्छा धरणे ही माणसाची उद्दिष्टे म्हणून नावानिशी नोंदलेली होती. त्यांना पाप म्हटलेले नव्हते आणि मोकाटही सोडलेले नव्हते. घरातल्या कर्त्या मुलांना जशी जागा आणि जबाबदारी देतात, तशी ती त्यांना दिली होती. आपल्याकडेही पवित्र शास्त्रात प्रेमगीतांचे एक अख्खे पुस्तक आहेच. पण आपण ते उघडतो किती वेळा? १९६५ साली दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने अन्य धर्मांत जे सत्य आणि पवित्र आहे ते चर्च नाकारीत नाही, असे सांगितले. ते आम्ही प्रवचनांतून ऐकले होते. त्या सायंकाळी सरांच्या ओटीवर त्याचा थोडा अनुभव आला.

“आणि युधिष्ठिर?” आम्ही विचारले. “त्याने काय निवाडा केला?”

युधिष्ठिराने तिहींपैकी एकालाही पहिला नंबर दिला नाही. ज्याचे मन पापातही गुंतत नाही आणि पुण्यातही नाही, ज्याला मातीचे ढेकूळ आणि सोने सारखेच, तो सुखदुःखातून सुटतो, असे सांगून त्याने मोक्षाची थोरवी गायिली. आमच्यापैकी जो सगळे सोडून द्यायला निघाला होता, त्याचा चेहरा हे ऐकून जरा उजळला असावा. पण सरांनी पुस्तक मिटले नव्हते. ते म्हणाले, “एवढे बोलून युधिष्ठिर वनात गेला नाही हो. त्याने पुढे छत्तीस वर्षे राज्य केले. आणि मनू तर म्हणतो की तीन ऋणे फेडल्याशिवाय मोक्षाकडे मन लावणारा खाली जातो. वाद नको म्हणून सोडून देणे वेगळे, आणि देणे चुकते करून मोकळे होणे वेगळे.”

ओटीवर काही वेळ कुणी बोलले नाही. आमच्या त्या भावाला काही नको होते हे खरे. पण त्याच्या ‘काही नको’मुळे ताईच्या बाजूने बोलणारे एक माणूस कमी झाले होते.

मग सरांनी खरा प्रश्न विचारला. “या सहा जणांत कोण नाही?”

आम्ही नावे मोजली. विदुर आला, पाच भाऊ आले.

“द्रौपदी नाही,” सर म्हणाले.

द्रौपदी नाही. याच शांतिपर्वाच्या आरंभी, युधिष्ठिर राज्य टाकायला निघाला असताना, ती त्याला परखड बोलते. त्याआधी द्यूतसभेत, जेथे तिलाच पणाला लावले गेले, तेथे सर्वांत मूलभूत प्रश्न तिनेच विचारला होता : युधिष्ठिराने आधी स्वतःला हरवले की मला? जो स्वतःला हरून बसला, त्याला मला पणाला लावण्याचा अधिकार उरतो का? त्या प्रश्नावर भीष्मांनी धर्माची गती सूक्ष्म असल्याचे सांगून हात टेकले. विदुर बोलला, दुर्योधनाचा धाकटा भाऊ विकर्ण बोलला. बाकीची सभा गप्प राहिली. आणि पुढे धर्म, अर्थ, काम यांचा निवांत खल करायला भाऊ बसले, तेव्हा धर्माविषयी सर्वांत अवघड प्रश्न विचारणारी बाई त्या बैठकीत नव्हती.

“पुरुषार्थ या शब्दातला पुरुष कोण?” सरांनी विचारले. आपल्या मराठीत या शब्दाची फार दुर्दशा झाली आहे, असे ते म्हणाले. पुरुषार्थ म्हणजे मर्दुमकी, असे आपण समजतो. एखाद्याने फुशारकी मारली की ‘मोठा पुरुषार्थ केलास’ म्हणून हिणवतो. पण सांख्य दर्शनात पुरुष म्हणजे जाणणारा, चैतन्य असणारा. त्याला बाई आणि बुवा हा भेद नाही. पुरुषार्थ म्हणजे त्या जाणणाऱ्याचे प्रयोजन. ते प्रत्येकाचे असते. “तुमच्या ताईचा धर्म कोणता, ते तुम्ही तिघांनी ठरवलेत,” सर म्हणाले. “तिचा अर्थ या कागदात लिहून काढून घेतलात. मोक्षाचे तिचे ती आणि देव पाहून घेतील. राहिला काम. तिला काय हवे, हे तिला कुणी विचारले का?”

विचारले नव्हते. सहा महिन्यांत विचारले नव्हते आणि खरे सांगायचे तर त्याआधीच्या तीस वर्षांतही नाही.

सरांनी कागद परत दिला. “विचारून या. त्यानंतर ती म्हणाली तर सही करतो.”

त्या रात्री आम्ही तिघे ताईसमोर बसलो. ती यंत्रावर एका मुलीचा पहिल्या कम्युनियनचा पांढरा झगा शिवीत होती. आम्ही चाचरत विचारले, “ताई, तुला काय हवंय?” तिने यंत्र थांबवले. प्रश्न तिला समजला नसावा, असे आधी वाटले. मग ती बोलली. घरच्या बोलीत ती जे बोलली, ते साध्या मराठीत असे : सही करायची तर मी उद्या करते. ती करायला मला काही वाटणार नाही. पण सातबाऱ्यावर माझं नाव एकदा मला वाचायचंय. मी मेल्यावर खोडलंत तरी चालेल.

आम्ही अवाक् झालो. आम्हांला वाटले होते, ती भिंती मागेल, पैसा मागेल किंवा रडेल. तिला हवी होती ती एक ओळ, तलाठ्याच्या दप्तरातली. ज्या मातीत तिने बाबांबरोबर केळीचे मोने लावले आणि पाटाचे पाणी वळवले, त्या मातीच्या कागदावर तिचे नाव कुठेच नव्हते. थोड्या वेळाने तिने आणखी एक मागितले. बावखलाच्या काठचा तुकडा कुणी विकू नये. तेथे तिला मोगरा लावायचा होता. आई असताना लावायचा राहून गेला होता.

यांत धर्म कोणता, अर्थ कोणता आणि काम कोणता, हे आम्हांला वेगळे काढता येईना. ती जे मागत होती त्यात तिन्ही होते. भीमाने सांगितलेला समतोल बहुधा असाच असावा; आयुष्य सरळपणे जगणाऱ्या माणसात तो आपोआप येतो, आणि त्याविषयी बोलत बसणाऱ्यांना मात्र तो शोधावा लागतो.

हक्कसोडपत्र आम्ही फाडले. चौघांची नावे लावण्यासाठी वारसनोंदीचा अर्ज केला. फेरफार मंजूर होऊन सातबारा हाती आला, त्या दिवशी ताईने तो उजेडात धरून वाचला. स्वतःच्या नावावर बोट ठेवले आणि घडी घालून प्रार्थनेच्या पुस्तकात ठेवला. तो अजूनही तेथेच आहे. मुलाच्या शिक्षणासाठी ज्या भावाला पैसा हवा होता, त्याची गरज खरी होती. ती त्याने त्या रात्री प्रथमच गरज म्हणून सांगितली. धर्माचे नाव काढून टाकल्याबरोबर ती पुरी करणे सोपे झाले. त्याने मागितलेली रक्कम बाकीच्यांनी तीन हप्त्यांत उभी केली आणि वाडी अखंड राहिली. सगळे गोड झाले असे नाही. आमच्या घरांतून काही दिवस धुसफूस चालली. ‘रीत मोडली’ असे बोलणारे नातलगही भेटले. एका नातलगाने बरीच वर्षे आमच्या दारात पाऊल टाकले नाही.

नंतर एका रविवारी लूकच्या शुभवर्तमानातला धनवान मूर्खाचा दाखला वाचला गेला. पीक उदंड झाले म्हणून जुनी कोठारे पाडून मोठी बांधायला निघालेला, आणि त्याच रात्री ज्याचे प्राण मागितले गेले, तो माणूस. हा दाखला आम्ही लहानपणापासून ऐकत आलो होतो. पण येशूने तो कोणत्या निमित्ताने सांगितला, ते त्या दिवशी प्रथम कानात शिरले. गर्दीतल्या एकाने येशूला विनंती केली होती, की माझ्या भावाला वतनाची वाटणी करायला सांगा. येशूने वाटण्या करणारा न्यायाधीश व्हायचे नाकारले आणि लोभापासून सावध केले. वाटणीच्या भांडणात देवाला ओढणारे आम्ही पहिले नव्हतो, हे कळून थोडे हायसे वाटले आणि थोडी लाजही वाटली.

सरांकडे आम्ही पुन्हा गेलो तेव्हा त्यांना सगळे सांगितले. ते खूश झाले; पण परीक्षा घ्यायची सवय जात नाही. “चार पुरुषार्थ झाले. पाचवा कोणता?” त्यांनी विचारले. आम्हांला ठाऊक नव्हता. बंगालमध्ये चैतन्यांच्या परंपरेने मोक्षाच्याही वर प्रेम हा पाचवा पुरुषार्थ मानला, असे त्यांनी सांगितले. आणि आपल्या वारकरी संतांनीही तेच केले. मुक्ती नको, संतांची संगत दे आणि त्यासाठी खुशाल पुन्हा जन्माला घाल, असे देवाला सांगण्याइतका तुकोबांचा भक्तीवर विश्वास होता. सर बोलत होते आणि आमच्या मनातल्या त्या दोन जुन्या वह्या पहिल्यांदा एकमेकींशेजारी उघडल्या गेल्या. एकीत चार शब्द होते. दुसरीत लिहिले होते, त्याच्यावर प्रीती करावी. दोन्ही उत्तरे एक आहेत असे आम्ही म्हणणार नाही. हिंदूंचा मोक्ष आणि आपले तारण या वेगळ्या वाटा आहेत आणि त्यांची सरमिसळ करण्याचा अधिकार आम्हांला नाही. पण दोन्हीकडे विचारलेला प्रश्न एकच आहे, आणि तो प्रत्येक जाणत्या जिवाला विचारलेला आहे. दुसऱ्याचे उत्तर आपण लिहून द्यायचे नसते; मग ती आपली सख्खी बहीण असली तरी.

सर २०१९ साली गेले. त्यांच्या अंत्ययात्रेला आम्ही चौघेही होतो. ताईने बावखलाकाठच्या मोगऱ्याची ओंजळभर फुले नेली होती. ती अजूनही शिवण करते. उन्हाळ्याच्या सुटीत नातवंडे जमली की दुपारी ओटीवर त्यांचे धर्मशिक्षण घेते आणि तोच जुना प्रश्न विचारते : देवाने तुला कशासाठी निर्माण केले? पोरे एका दमात उत्तर म्हणतात आणि उठून पळू लागतात. ताई त्यांना थांबवते. “आणि तुला काय हवंय?” असे ती प्रत्येकाला, मुलींना आधी, विचारते, आणि उत्तर ऐकेपर्यंत कुणाला सोडीत नाही.